ठाणे खाडी आणि तिचे हिवाळी पक्षी : भरतीकालीन विश्रांतिस्थानांचा प्रश्न

प्रस्तावना

मुंबई महानगराच्या पूर्व सीमेवर असलेली ठाणे खाडी हा महाराष्ट्रातील एक महत्त्वाचा सागरी पाणथळ प्रदेश आहे. दरवर्षी पावसाळा संपल्यानंतर येथे हजारोंच्या संख्येने पाणपक्षी उतरतात आणि पुढील पावसाळ्यापूर्वी परत जातात. त्यांत रोहित पक्षी सर्वाधिक परिचित असला तरी सैबेरिया, मध्य आशिया व हिमालयापलीकडील पठारांवरून येणाऱ्या लहान-मोठ्या अनेक पक्ष्यांचाही समावेश होतो. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ अन्वये २०१५ साली खाडीच्या १,६९० हेक्टर क्षेत्रास फ्लेमिंगो अभयारण्याचा दर्जा मिळाला. मालवणनंतरचे हे राज्यातील दुसरे सागरी अभयारण्य होय. २०२१ साली अभयारण्याभोवती पर्यावरणसंवेदनशील क्षेत्र अधिसूचित झाले आणि २०२२ साली एकूण सुमारे ६,५२१ हेक्टर क्षेत्राचा समावेश रामसर करारातील आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ स्थळांच्या यादीत झाला. नांदूर मध्यमेश्वर व लोणार यांच्यानंतर हा मान मिळविणारे हे महाराष्ट्रातील तिसरे स्थळ आहे.

संरक्षणाची अशी तिहेरी व्यवस्था असल्यामुळे येथील पक्ष्यांचा प्रश्न सुटला, असा समज होणे स्वाभाविक आहे. परंतु खाडीवरील पक्षी दिवसातील काही तास अभयारण्यात आणि काही तास त्याच्या बाहेर काढतात. हे स्थलांतर त्यांच्या इच्छेवर नव्हे, तर समुद्राच्या भरती-ओहोटीवर अवलंबून असते. प्रस्तुत लेखात या दैनंदिन हालचालीमागील कारणे स्पष्ट करून संरक्षित क्षेत्राच्या आखणीत राहून गेलेल्या एका महत्त्वाच्या उणिवेचा विचार केला आहे.

खाडीची भौगोलिक रचना

साष्टी बेट व मुख्य भूमी यांच्यामध्ये सुमारे २६ किलोमीटर पसरलेली ही खाडी उत्तरेस एका अरुंद प्रवाहाने उल्हास नदीच्या खाडीशी जोडलेली असून दक्षिणेस मुंबई बंदरात उघडते. उत्तरेकडील भाग अरुंद व उथळ, तर दक्षिणेकडील भाग रुंद आहे. नद्या-नाल्यांनी आणलेला गाळ आणि भरतीबरोबर आत येणारा गाळ या उथळ भागात साचतो व त्यातून विस्तीर्ण चिखलपट्टे तयार होतात. किनाऱ्यालगत तिवर व अन्य खारफुटी वनस्पतींचे दाट पट्टे आहेत. अभयारण्याच्या १,६९० हेक्टरपैकी ८९६ हेक्टर कांदळवन व ७९४ हेक्टर जलक्षेत्र आहे. ओहोटीच्या वेळी या जलक्षेत्रातील चिखल उघडा पडतो आणि तोच पक्ष्यांचे भोजनस्थान होतो.

मुंबईच्या किनाऱ्यावर सुमारे २४ तास ५० मिनिटांत दोन भरत्या व दोन ओहोट्या होतात. त्यामुळे भरतीची वेळ दररोज सुमारे ५० मिनिटांनी पुढे सरकते. कोकण किनाऱ्यावरील कोळी बांधव तिथीच्या पाऊणपट करून भरतीची वेळ काढतात, ती याच नियमाच्या आधारे. अमावास्या व पौर्णिमेस पूर्ण भरती दुपारी व मध्यरात्री बाराच्या सुमारास, तर अष्टमीस सकाळी व सायंकाळी सहाच्या सुमारास येते. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण असते व पाण्याच्या पातळीत चार मीटरहून अधिक फरक पडतो. अष्टमीच्या सुमारास भांगाची भरती असते व हा फरक बराच कमी होतो. भांगाच्या दिवसांत चिखलाचा काही उंच भाग भरतीतही उघडा राहू शकतो. उधाणाच्या भरतीत मात्र जवळजवळ सर्व चिखलपट्टे पाण्याखाली जातात.

चिखलातील अन्न आणि पक्ष्यांच्या चोची

वरवर पाहता ओसाड दिसणारा हा चिखल जैविक दृष्ट्या अत्यंत उत्पादक असतो. त्याच्या पृष्ठभागावर डायाटम व नीलहरित शैवालांचा सूक्ष्म थर वाढतो. त्याखाली वलयी कृमी, लहान शिंपले, गोगलगायी व कवचधारी जीव राहतात. निवट्या, बोईट, चिंबोरी यांसारखे स्थानिक मच्छीमारांच्या उपजीविकेचे जीवही याच साखळीत येतात.

एकाच चिखलावर अनेक जातींचे पक्षी एकत्र चरू शकतात, याचे कारण त्यांच्या चोचींच्या लांबीत व रचनेत आहे. चिखल्या हा आखूड चोचीचा पक्षी दृष्टीच्या साहाय्याने पृष्ठभागावरील भक्ष्य टिपतो. टिलव्याची सुमारे दोन सेंटिमीटरची चोच वरच्या थरापुरतीच पोहोचते. लाल पायांच्या तुतारीची चोच सुमारे चार सेंटिमीटर, काळ्या शेपटीच्या पाणटिवळ्याची सुमारे दहा सेंटिमीटर, तर कोरलची बाकदार चोच त्याहूनही लांब असते व खोल बिळांतील कृमी व खेकडे बाहेर काढते. उचाट्या आपली वर वळलेली चोच पातळ चिखलात डावी-उजवीकडे फिरवून अन्न मिळवितो. अशा रीतीने चिखलाच्या प्रत्येक थराचा उपयोग वेगवेगळ्या जाती करतात.

रोहित पक्ष्यांची पद्धत यांहून भिन्न आहे. त्यांची चोच मध्यभागी वाकलेली असून डोके खाली करून ती उलटी पाण्यात धरली जाते. जाडसर जीभ पंपाप्रमाणे मागेपुढे करून पाणी आत घेतले जाते आणि चोचीच्या कडांवरील बारीक पट्टिकांच्या जाळीतून बाहेर टाकले जाते, तेव्हा अन्न आत अडकते. छोट्या रोहितच्या चोचीतील जाळी अतिशय सूक्ष्म असल्याने तो मुख्यतः शैवाल व डायाटम यांवर जगतो. मोठ्या रोहितची जाळी तुलनेने विरळ असून तो लहान कवचधारी जीव, मृदुकाय प्राणी व बिया खातो. त्यांच्या पिसांचा गुलाबी रंग अन्नातील कॅरोटिनॉइड रंगद्रव्यांमुळे येतो. पिलांचा रंग म्हणूनच करडा असतो.

शिवडीच्या चिखलपट्ट्यांवर रोहित मोठ्या संख्येने दिसू लागले ते १९९० च्या दशकात. पुढे ही संख्या वाढत जाऊन २०१९ च्या जानेवारीतील गणनेत ती एक लाखाहून अधिक आढळली. यांत छोट्या रोहितांचे प्रमाण मोठे आहे. महानगराच्या सांडपाण्यातून खाडीत येणारी नत्र व स्फुरदयुक्त द्रव्ये शैवालांच्या वाढीस पोषक ठरली, हे या वाढीचे एक प्रमुख कारण मानले जाते. त्यामुळे रोहितांची मोठी संख्या हा खाडीच्या आरोग्याचा निर्विवाद पुरावा समजणे योग्य नाही. ज्या पाण्यात शैवाल वाढते, त्याच पाण्यात प्राणवायूचे प्रमाण घटून मासळी कमी होऊ शकते.

हिवाळी पाहुण्यांचा प्रवास

'हिवाळी पक्षी' या शब्दाने येथे दोन वेगळे गट सूचित होतात. पहिला गट दीर्घ पल्ल्याच्या स्थलांतरितांचा. टिलवा आणि बाकदार चोचीची तुतारी उत्तर ध्रुवाजवळील टुंड्रा प्रदेशात, तर तपकिरी डोक्याचा कुरव लडाख-तिबेटसारख्या उंच पठारांवरील सरोवरांजवळ वीण करतो. हे पक्षी मध्य आशियाई उड्डाणमार्गाने भारतात येतात. दुसरा गट रोहितांचा. त्यांचा प्रवास तुलनेने जवळचा असून मुख्यतः गुजरातशी निगडित आहे. कच्छचे रण हे भारतातील रोहितांचे प्रमुख वीणस्थान आहे. तेथील मोठ्या वसाहतीचा अभ्यास डॉ. सलीम अली यांनी १९४५ साली केला होता. पावसाळ्यात रण पाण्याने भरते तेव्हा रोहित तिकडे जातात आणि त्यानंतर ठाणे खाडीकडे येऊन मे-जूनपर्यंत येथे राहतात. २०२२ साली बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीने सहा रोहितांवर उपग्रहाद्वारे मागोवा घेणारी उपकरणे बसविली. त्यांच्या नोंदींतून गुजरात व मुंबई यांमधील हा संबंध अधिक स्पष्ट झाला.

दोन्ही गटांच्या दृष्टीने खाडी ही केवळ थंडी टाळण्याची जागा नाही. परतीच्या प्रवासापूर्वी पक्ष्यांना शरीरात चरबी साठवावी लागते. या काळात लहान चिखलपक्ष्यांच्या काही जातींचे वजन निम्म्याहून अधिक वाढते. हा साठा वेळेत झाला नाही, तर प्रवास लांबतो किंवा वीणस्थानी पोहोचल्यावर अंडी घालण्याइतकी शक्ती उरत नाही. म्हणून येथे घेतलेल्या अन्नाइतकेच येथे वाचविलेल्या ऊर्जेलाही महत्त्व आहे.

भरतीच्या वेळी पक्षी कोठे जातात?

ओहोटीत चिखलावर पसरलेले पक्षी पाणी चढू लागताच किनाऱ्याकडे सरकतात. प्रत्येक जातीची मर्यादा तिच्या पायांच्या लांबीने ठरते. टिलवा प्रथम निघतो, शेकाट्या व पाणटिवळा काही काळ थांबतात, तर रोहित सर्वांत शेवटी उडतात. त्यानंतर पुढची ओहोटी सुरू होईपर्यंत त्यांना विश्रांती घेण्यासाठी, पिसे साफ करण्यासाठी व अन्न पचविण्यासाठी जागा लागते. यास भरतीकालीन विश्रांतिस्थान असे म्हणता येईल.

असे स्थान कोठेही असू शकत नाही. तेथे पाणी काही सेंटिमीटर ते फार तर गुडघाभर असावे किंवा जमीन उघडी असावी. शत्रू दुरून दिसावा यासाठी परिसर मोकळा असावा. तसेच ते भोजनस्थानापासून जवळ असावे, कारण दररोज दोन वेळा जा-ये करण्यात खर्च होणारी ऊर्जा चरबीच्या साठ्यातून वजा होते. कांदळवन या अटी पूर्ण करीत नाही. बगळ्यांसारखे पक्षी तिवरांच्या फांद्यांवर बसतात, परंतु रोहितांना व बहुसंख्य चिखलपक्ष्यांना तेथे थांबता येत नाही.

ठाणे खाडीवर अशी स्थाने मुख्यतः मानवनिर्मित आहेत. पश्चिम किनाऱ्यावर भांडुप उदंचन केंद्राचा परिसर तसेच भांडुप, कांजूरमार्ग, मुलुंड येथील मिठागरे आहेत. मिठागरांत भरतीचे पाणी घेऊन उथळ खाचरांत कोंडले जाते. मीठ पिकविण्याची ही पद्धत शतकानुशतके चालत आली असून 'आगर' या शब्दावरूनच आगरी समाजाचे नाव रूढ झाले. पूर्व किनाऱ्यावर नवी मुंबईतील नेरूळ परिसरातील टी. एस. चाणक्य, एन. आर. आय. संकुल व डी. पी. एस. या नावांनी ओळखली जाणारी तळी आणि उरण तालुक्यातील पाणजे, भेंडखळ यांसारख्या पाणथळ जागा आहेत. यांपैकी नेरूळ व उरण येथील जागा अभयारण्याच्या सीमेबाहेर आहेत. तरीही उधाणाच्या दिवशी दुपारी अभयारण्यातील पक्ष्यांचा मोठा भाग तेथेच असतो. पक्षिगणनेसाठीही हीच वेळ उपयुक्त ठरते, कारण विस्तीर्ण चिखलावर विखुरलेले थवे तेव्हा थोड्या जागेत एकत्र आलेले असतात.

कायद्यातील तफावत

रामसर करारातील व्याख्येनुसार नैसर्गिक वा कृत्रिम, कायमस्वरूपी वा तात्पुरते, स्थिर वा वाहते, गोडे, मचूळ वा खारे असे कोणतेही पाणथळ क्षेत्र विचारात घेतले जाते. ओहोटीच्या वेळी सहा मीटरपेक्षा अधिक खोल नसलेले सागरी क्षेत्रही त्यात येते. भारत १९८२ सालापासून या कराराचा सदस्य आहे. मात्र २०१७ च्या पाणथळ भूमी (संवर्धन व व्यवस्थापन) नियमांतील व्याख्येतून मिठाचे उत्पादन, मत्स्यपालन, करमणूक व सिंचन यांसाठी मुद्दाम बांधलेल्या रचना वगळण्यात आल्या आहेत. म्हणजेच ज्या जागा पक्ष्यांच्या दृष्टीने खाडीचा अविभाज्य भाग आहेत, त्यांतील काही प्रमुख जागा राष्ट्रीय नियमांच्या कक्षेबाहेर राहतात.

खारफुटीची स्थिती याहून वेगळी आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या २००५ च्या आदेशाने व २०१८ च्या निर्णयाने कांदळवनांस भक्कम संरक्षण मिळाले. २०१२ साली राज्याच्या वन विभागात स्वतंत्र कांदळवन कक्ष स्थापन झाला. हे यश निःसंशय मोठे आहे. परंतु त्यामुळे एक असमतोल निर्माण झाला. झाडे असलेली जमीन संरक्षित आणि झाडे नसलेले उथळ तळे मात्र मोकळा भूखंड, अशी दृष्टी रूढ होऊ लागली. वस्तुतः झाडे नसणे हीच विश्रांतिस्थानाची पहिली अट आहे. शिवाय गाळ साचून उंच झालेल्या चिखलावर तिवरांची रोपे रुजतात व भोजनस्थानाचे क्षेत्रही हळूहळू आक्रसते.

या तफावतीचे परिणाम अलीकडील घटनांतून दिसून येतात. २०२४ च्या उन्हाळ्यापूर्वी नेरूळ येथील डी. पी. एस. तळ्यात भरतीचे पाणी येण्याचे मार्ग बंद झाल्याने ते कोरडे पडत गेले. त्याच सुमारास परिसरात रोहित मृत व जखमी अवस्थेत आढळले. २०२४ च्या मे महिन्यात मुंबईस उतरणाऱ्या एका विमानाची घाटकोपरजवळ थव्याशी धडक होऊन सुमारे ४० रोहित मरण पावले. एका अपघातावरून कार्यकारणभाव सिद्ध होत नाही. तथापि जवळचे विश्रांतिस्थान नष्ट झाल्यास थव्यांचे मार्ग बदलतात आणि विमानांच्या मार्गांशी ते छेदण्याची शक्यता वाढते, हे समजण्याजोगे आहे. २०२५ साली नवी मुंबई विमानतळाचे उद्घाटन झाल्याने या मुद्द्याचे महत्त्व अधिकच वाढले आहे. तळी बुजविली तर पक्षी निघून जातील व धोका टळेल, हा युक्तिवाद म्हणूनच तपासून घ्यावा लागतो. चिखलातील अन्न शिल्लक असेपर्यंत पक्षी येतच राहतील. ते फक्त अधिक दूरवर व अनिश्चित मार्गांनी उडतील.

विकासाच्या गरजाही खऱ्या आहेत. २०२४ साली केंद्र सरकारने धारावीच्या पुनर्वसनासाठी मुंबईतील सुमारे २५६ एकर मिठागर जमीन राज्यास देण्यास मंजुरी दिली. त्याच वर्षी शिवडीच्या चिखलपट्ट्यांवरून जाणारा अटल सेतू वाहतुकीस खुला झाला. लाखो लोकांच्या घरांचा व प्रवासाचा प्रश्न पक्ष्यांच्या नावाने दुय्यम ठरविता येणार नाही. परंतु मिठागरे व धारण तलाव हे केवळ पक्ष्यांचे स्थान नाही. नवी मुंबईच्या रचनेत धारण तलावांची योजना केली गेली, ती अतिवृष्टी व भरती एकाच वेळी आली असता पावसाचे पाणी सामावून घेण्यासाठी. ज्या उथळ जागा पक्ष्यांना विसावा देतात, त्याच सखल वस्त्यांना पुरापासून दिलासा देतात.

उपाययोजनेची दिशा

या प्रश्नावर कायद्यात मार्ग उपलब्ध आहे. वन्यजीव अधिनियमाच्या कलम ३६-अ नुसार राज्य शासनास शासकीय मालकीच्या, विशेषतः अभयारण्यांलगतच्या किंवा संरक्षित क्षेत्रांना जोडणाऱ्या जमिनींस संवर्धन राखीव क्षेत्र घोषित करता येते. २०२५ साली राज्य वन्यजीव मंडळाने सुमारे ३० एकरांच्या डी. पी. एस. तळ्यास असा दर्जा देण्यास मंजुरी दिली. एखादे विश्रांतिस्थान खाडीचे पूरक अंग म्हणून स्वीकारले जाण्याच्या दृष्टीने हा निर्णय महत्त्वाचा आहे. मात्र दर्जा मिळाल्याने तळ्याचे कार्य आपोआप सुरू राहत नाही. भरतीच्या पाण्याचे प्रवेशमार्ग खुले ठेवणे, पाण्याची खोली राखणे, रात्रीचा प्रखर प्रकाश मर्यादित ठेवणे आणि तळ्यात वाढणाऱ्या रोपांचे शास्त्रीय नियोजन करणे ही कामे सातत्याने करावी लागतात.

या कामात महाविद्यालयांना निश्चित भूमिका आहे. मुलुंड, ऐरोली, वाशी, नेरूळ व उरण परिसरातील महाविद्यालये या स्थानांच्या अगदी निकट आहेत. ठरावीक तिथीस, ठरावीक भरतीच्या वेळी एकाच दिवशी सर्व विश्रांतिस्थानांवर गणना करणे प्राणिशास्त्राच्या विद्यार्थ्यांना शक्य आहे. पाण्याची क्षारता व प्राणवायूचे प्रमाण रसायनशास्त्र विभाग मोजू शकेल, जमीनवापरातील बदल भूगोल विभाग नोंदवू शकेल, तर कोळी व आगरी समाजाच्या स्मृतीतील खाडीचे दस्तऐवजीकरण समाजशास्त्र व मराठी विभागांस करता येईल. एखादे तळे बुजविण्याचा प्रस्ताव येतो तेव्हा तेथे पूर्वी किती पक्षी येत होते, हा प्रश्न विचारला जातो. अनेक वर्षांच्या सलग नोंदी नसल्यास त्याचे उत्तर देणे कठीण होते.

निष्कर्ष

ठाणे खाडीतील चिखलपट्टे आणि खाडीकाठची उथळ तळी यांचा पक्ष्यांच्या दृष्टीने स्वतंत्र विचार करता येत नाही. एका ठिकाणी अन्न व दुसऱ्या ठिकाणी विश्रांती मिळते आणि भरती-ओहोटीच्या क्रमाने पक्षी या दोहोंमध्ये ये-जा करीत राहतात. यांपैकी एकाचेच संरक्षण केल्यास त्याचाही अपेक्षित लाभ मिळत नाही. अभयारण्य, पर्यावरणसंवेदनशील क्षेत्र व रामसर दर्जा यांमुळे भोजनस्थानांच्या संरक्षणाचा पाया घातला गेला आहे. विश्रांतिस्थानांना कायद्याची व व्यवस्थापनाची जोड मिळाल्याशिवाय हे कार्य पूर्णत्वास जाणार नाही. संरक्षित क्षेत्राची सीमा ठरविताना जमिनीच्या मालकीबरोबरच उधाणाच्या भरतीत पक्षी कोठे जातात, याचाही विचार होणे आवश्यक आहे.